तार जाऊ द्या, पण आधी ऐकून घ्या!

परभणी जिल्ह्यात विजेची मोठी वाहिनी शेतात कशी येते, हे जिंतूरपासून पालमपर्यंत कोणाही शेतकऱ्याला समजावून सांगावे लागत नाही. एके दिवशी दोन-चार माणसे दुर्बीण लावून शिवार मोजून जातात. मग धुऱ्यावर खुंट्या दिसतात. मग ऐन सोयाबीन काढणीच्या किंवा कापूस फुटण्याच्या दिवसांत ठेकेदाराचा जेसीबी येतो आणि टॉवरच्या चार पायांसाठी चार खड्डे पडतात. शेतकरी आडवा झाला की कुठला तरी कागद लांबूनच दाखवला जातो. तरीही तो हटला नाही की पोलीस बंदोबस्त येतो. मार्ग ठरला कधी, ठरवला कोणी, पन्नास एकरवाल्याच्या शेताला वळसा घालून तार आपल्याच दोन एकरांच्या मधोमध का आली, हे विचारायला त्याला जागा नसते. विचारलेच तर उत्तर एकच मिळते, "वरून आले आहे!"

या देशात वरून आलेले सगळे खालच्याने निमूट झेलायचे, हीच तर हजारो वर्षांची शिकवण आहे. म्हणून हा प्रश्न केवळ शेतकरी संघटनांवर सोपवून चळवळीने गप्प बसता कामा नये, असे आम्हाला वाटते.

सुरुवातीलाच एक गैरसमज दूर करतो. आम्ही विजेच्या विरोधात नाही. असूच शकत नाही. 1942 ते 1946 या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना बाबासाहेबांकडे पाटबंधारे आणि वीज हे विषयही होते. 25 ऑक्टोबर 1943 रोजी दिल्लीत वीजपुरवठ्याच्या धोरण समितीपुढे त्यांनी जी भूमिका मांडली तिचे सार असे, की स्वस्त आणि मुबलक विजेशिवाय औद्योगिकीकरण नाही आणि औद्योगिकीकरणाशिवाय या देशातील दरिद्री माणसाची दारिद्र्याच्या फेऱ्यातून सुटका नाही. केंद्रीय तांत्रिक विद्युत मंडळ त्यांच्याच कारकीर्दीत उभे राहिले. ज्यांच्या नेत्याने विजेचा विचार गरिबाच्या मुक्तीशी जोडला, त्यांनी तारा तोडायची भाषा करायची नसते. पण ज्या माणसाच्या मुक्तीसाठी वीज हवी, त्याच माणसाला न विचारता त्याच्या डोक्यावरून ती न्यायची, हेही बाबासाहेबांच्या विचारात बसत नाही.

परभणीला या वाहिन्या टळणाऱ्या नाहीत. परळीचे औष्णिक केंद्र बीड जिल्ह्यात असले, तरी परळी तालुक्याची शीव गंगाखेड आणि सोनपेठला लागून आहे. पूर्णा नदीवर येलदरीचे जलविद्युत केंद्र आहे. 2023 पासून मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात गावोगाव सौर प्रकल्प उभे करण्याचे धोरण आले आणि त्यासाठी शासकीय व गायरान जमिनीही देण्यात येऊ लागल्या. वीज तयार झाली की ती उपकेंद्रापर्यंत न्यावी लागणार, म्हणजे कोणाच्या तरी शेतावरून तार जाणारच. प्रश्न एवढाच आहे की ती कोणत्या रीतीने जाणार.

ही रीत ठरवणारा कायदा कोणता? वाचकांना आश्चर्य वाटेल, पण तो 1885 सालचा भारतीय तार कायदा आहे! वीज कायदा 2003 च्या कलम 164 नुसार सरकार एखाद्या वीज कंपनीला तार खात्याचे अधिकार बहाल करू शकते. जुन्या वीज मंडळाचे जून 2005 मध्ये विभाजन होऊन महापारेषण कंपनी झाली. तिला आणि केंद्राच्या व खासगी पारेषण कंपन्यांना हे अधिकार अधिसूचनेने मिळत आले आहेत. म्हणजे राणी व्हिक्टोरियाच्या राज्यात तारायंत्राचे खांब रोवण्यासाठी जो दंडक केला, त्याच दंडकाने आज लाखो व्होल्टच्या वाहिन्या शेतात येतात. 'तार आली' म्हटले की घरात रडारड व्हायची, ती तार सेवा जुलै 2013 मध्ये बंद झाली. संसदेने 2023 साली दूरसंचाराचा नवा कायदा केला आणि त्यात 1885 चा कायदा रद्द करण्याची तरतूद केली. पण त्याच नव्या कायद्यात लिहून ठेवले, की जुन्या कायद्याचा तिसरा भाग वीज वाहिन्यांसाठी चालूच राहील. तार गेली, तारवाला गेला, तार कायदाही मोडीत निघाला. उरला फक्त शेतात घुसण्याचा अधिकार!

हा तिसरा भाग काय म्हणतो ते नीट पाहू. कलम 10 नुसार तार खात्याला, म्हणजे आता वीज कंपनीला, कोणाच्याही स्थावर मालमत्तेवरून, खालून किंवा आतून तार नेता येते. जमीन तिच्या मालकीची होत नाही, तिला फक्त वापराचा हक्क मिळतो. नुकसान कमीत कमी करायचे आणि झालेल्या नुकसानीचा पूर्ण मावेजा सर्व हितसंबंधितांना द्यायचा, हे बंधन कंपनीवर आहे. कलम 16 नुसार कोणी अडवले तर जिल्हादंडाधिकारी आपल्या विवेकाधिकाराने कंपनीला काम करू देण्याचा आदेश काढू शकतात. त्या आदेशानंतरही अडवले तर तो गुन्हा ठरतो. मावेजा पुरेसा नाही असा वाद असेल तर जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करायचा आणि त्यांचा निर्णय अंतिम.

या सगळ्यात शेतकऱ्याला आधी नोटीस द्या, त्याचे म्हणणे ऐका, मग कारणे लिहून निर्णय द्या, असे शब्द नाहीत. जमीन 'संपादित' होत नसल्यामुळे 2013 च्या भूसंपादन कायद्यातील हरकती, सुनावणी आणि निवाडा यांची वाट येथे बंद होते. शक्तिपीठ महामार्गाला परभणीच्या शेतकऱ्यांनी विरोध केला, तेव्हा निदान हरकत दाखल करायला एक टेबल तरी होते. टॉवरला ते टेबलही नाही.

गंमत अशी, की दुसरी रीत आपल्या सरकारला ठाऊक आहे. 2003 च्या वीज कायद्याखाली 2006 साली केंद्राने परवानाधारकांच्या कामांचे नियम केले. त्यात जमीनमालकाची किंवा वहिवाटदाराची आधी संमती घ्या, तो हरकत घेत असेल तर जिल्हादंडाधिकाऱ्यांची लेखी परवानगी घ्या आणि संबंधितांचे म्हणणे विचारात घेऊन मावेजा किंवा वार्षिक भाडे ठरवा, अशी तरतूद आहे. पण त्याच नियमाच्या शेवटी एक ओळ आहे, की कलम 164 खाली मिळालेल्या अधिकारांना यातील काहीही बाधा आणणार नाही. दार बांधले आणि शेजारीच भिंतीला भगदाड ठेवले!

आणि ज्या इंग्रजांनी आपल्याला 1885 चा कायदा दिला, त्यांच्या देशात काय चालते? ब्रिटनच्या 1989 च्या वीज कायद्यानुसार जमीनमालक तयार नसेल, तर कंपनीला मंत्र्याकडे जावे लागते, आणि तार नेण्याचा हक्क देण्यापूर्वी नेमलेल्या अधिकाऱ्यापुढे मालकाला आणि जमीन कसणाऱ्याला आपले म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. साहेबाने आपल्या घरी सुनावणी ठेवली आणि गुलामांसाठी केलेला कायदा आपण स्वातंत्र्यानंतरही सांभाळून ठेवला.

येथे कायद्याचे पंडित म्हणतील, सर्वोच्च न्यायालयाने हा प्रश्न निकाली काढला आहे. खरे आहे. पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या डिसेंबर 2016 च्या निकालात न्यायालयाने सांगितले, की तार खात्याचे अधिकार असलेल्या कंपनीला जमीनमालकाची पूर्वसंमती लागत नाही. तो निकाल आम्हाला मान्य आहे. पण संमती वेगळी आणि सुनावणी वेगळी. संमती म्हणजे 'नाही' म्हणून काम थांबवण्याचा अधिकार. सुनावणी म्हणजे निर्णय होण्याआधी आपले म्हणणे मांडण्याचा आणि त्याचे लेखी उत्तर मिळवण्याचा अधिकार. एका शेतकऱ्याच्या नकारामुळे साऱ्या तालुक्याची वीज अडून राहू नये, हे समजू शकते. पण म्हणून त्याचे ऐकूनच घ्यायचे नाही, हे कोणत्या न्यायात बसते? तार दहा मीटर धुऱ्याकडे सरकवली तर विहीर वाचेल, हे इंजिनियरला नकाशावर दिसत नाही. ते आखाड्यावर राहणाऱ्याला दिसते. ऐकून घेतल्याने तार थांबत नाही. ती जास्त शहाणपणाने जाते.

कायदा जेथे गप्प असतो तेथे नैसर्गिक न्यायाची तत्त्वे बोलतात, हे तत्त्व या देशाच्या न्यायालयांनी अनेकदा सांगितले आहे. 1978 च्या मनेका गांधी निकालाने कायद्याने घालून दिलेली कार्यपद्धतीही न्याय्य आणि वाजवी असली पाहिजे, असे बजावले. 16 मे 2024 रोजी कोलकाता महानगरपालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने संविधानाच्या अनुच्छेद 300-अ मधील मालमत्तेच्या हक्काची फोड करून त्याचे सात घटक सांगितले. त्यातील पहिले तीन असे: नोटीस मिळण्याचा हक्क, हरकतीवर ऐकून घेतले जाण्याचा हक्क आणि कारणांसह निर्णय मिळण्याचा हक्क. तो निकाल सक्तीच्या संपादनाचा होता, तारेचा नव्हता. पण ज्याच्या शेतावर टॉवर कायमचा उभा राहतो, त्याला संपादन आणि वापर यांतला फरक काय समजावून सांगायचा?

आता हा घाव कोणाला किती लागतो ते पाहा. 132 केव्ही वाहिनीचा पट्टा साधारण 27 मीटर रुंद धरतात, 220 केव्हीचा 35 मीटर. समजा एखाद्याची जमीन दोन एकर, म्हणजे 80 गुंठे आहे आणि 220 केव्हीची तार तिच्यावरून 100 मीटर जाते. 35 गुणिले 100 म्हणजे 3500 चौरस मीटर, म्हणजेच जवळपास 35 गुंठे. 80 पैकी 35 गुंठे तारेखाली! त्या पट्ट्यात ज्वारी-सोयाबीन घेता येईल, पण आंब्याचे झाड वाढवता येणार नाही, घर बांधता येणार नाही, बोअर घ्यायला गाडी उभी करता येणार नाही, आणि विकायला काढली तर गिऱ्हाईक भाव पाडून मागेल. तीच तार पन्नास एकरवाल्याच्या शेतावरून गेली तर त्याचा एक कोपरा जातो. कागदावर नुकसान सारखे, जगण्यात मात्र जमीन-अस्मानाचा फरक. केरळ वीज मंडळाच्या 2007 च्या लिविशा निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले होते, की सर्वांना एकच मोजमाप लावू नका. जमीन कोठे आहे, तार छोट्या तुकड्यावरून जाते की शेताच्या मधोमध, हे पाहून मावेजा ठरवा. पण शेताच्या मधोमध तार गेली हे सांगायला शेतकऱ्याला कोणापुढे तरी उभे राहता आले पाहिजे ना?

त्याहून कठीण गत गायरानवाल्याची आहे. मराठवाड्यात आपल्या समाजाकडे जी थोडीफार जमीन आली, ती वाडवडिलांच्या वारशाने आलेली नाही. कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या 1959 आणि 1964-65 च्या भूमिहीनांच्या सत्याग्रहांनी ती वाट उघडली. लोकांनी तुरुंग भरले आणि पडीक गायराने नांगराखाली आणली. 14 एप्रिल 1990 पर्यंतची दलित-आदिवासींची अतिक्रमणे नियमित करण्याचा शासन निर्णय 28 नोव्हेंबर 1991 रोजी निघाला. पण पिढ्यान्‌पिढ्या कसणाऱ्या अनेकांचे नाव सातबाऱ्यावर आजही लागलेले नाही. तार अशा जमिनीवरून गेली की पंचनामा करणारा म्हणतो, जमीन सरकारी आहे, मावेजा कोणाला द्यायचा? बटईने करणाऱ्याचे तेच, आणि वारसाची नोंद न झालेल्या विधवेचेही तेच.

येथे आमच्या कार्यकर्त्यांनी कायद्याचा शब्द पकडला पाहिजे. कलम 10 मध्ये 'सातबाऱ्यावरील मालक' असा शब्द नाही. 'सर्व हितसंबंधित व्यक्तींना' पूर्ण मावेजा द्यावा, असे तो कायदा म्हणतो. ज्याने बी पेरले, खत घातले, फवारणी केली, त्याच्या पिकात त्याचे हित नाही, असे कोण म्हणेल? आणि पैसे नेमके कोणाला द्यायचे असा वाद असेल, तर कंपनीने रक्कम जिल्हा न्यायालयात भरावी, अशी सोय कलम 16 मध्येच आहे. वारसाचा वाद आहे म्हणून पैसे थकवून ठेवण्याचे कारणच उरत नाही. परक्यांनी केलेल्या कायद्यातही गरिबाच्या उपयोगाचा एखादा शब्द राहून जातो. तो शोधून वापरणे ही बाबासाहेबांचीच रीत होती.

पैशाबाबत केंद्राचे धोरण अलीकडे बदलले आहे. ऑक्टोबर 2015 च्या मार्गदर्शक निर्देशांत टॉवरखालच्या जागेसाठी जमिनीच्या किमतीच्या 85 टक्के आणि तारेखालच्या पट्ट्यासाठी कमाल 15 टक्के असा हिशेब होता. 14 जून 2024 च्या निर्देशांत तो 200 टक्के आणि 30 टक्के झाला. मार्च 2025 मध्ये बाजारभाव ठरवण्यासाठी समितीची पद्धत सांगण्यात आली आणि तिच्यात जमीनमालकांच्या प्रतिनिधीलाही जागा देण्यात आली. ही सुधारणा आहे, ती आम्ही नाकारत नाही. पण हे निर्देश आहेत, कायदा नाही. राज्यांनी ते स्वीकारावे लागतात. आणि दर कितीही वाढवला, तरी कोणाच्या शेतातून, का, आणि दुसरा मार्ग का नाही, या प्रश्नांचे उत्तर दरपत्रकात मिळत नाही. मान खाली घालून घेतलेले जास्त पैसे आणि मान वर करून घेतलेले हक्काचे पैसे यांतला फरक आमच्या वाचकांना सांगायची गरज नाही.

परभणीला तर प्रक्रिया मोडली की काय होते हे फार महागात कळले आहे. 10 डिसेंबर 2024 रोजी बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोरच्या संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. त्यानंतरच्या धरपकडीत पकडलेला कायद्याचा विद्यार्थी सोमनाथ सूर्यवंशी 15 डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत मरण पावला. गुन्हा नोंदवा, हे सांगायला जुलै 2025 मध्ये औरंगाबाद खंडपीठाला आदेश द्यावा लागला आणि तो सर्वोच्च न्यायालयातही टिकला. शेतातील टॉवर आणि कोठडीतील मृत्यू यांची तुलना होऊ शकत नाही, आणि आम्ही ती करत नाही. पण दोन्हीकडे शासनाच्या हातात बळ आहे आणि समोरच्या माणसाजवळ फक्त कार्यपद्धती आहे. 15 सप्टेंबर 1949 रोजी बाबासाहेबांनी संविधान सभेत आजच्या अनुच्छेद 22 चा मसुदा मांडला. अटकेचे कारण सांगा, वकील करू द्या, 24 तासांत न्यायदंडाधिकाऱ्यापुढे उभे करा, या साध्या वाटणाऱ्या गोष्टी त्यांनी संविधानात घालून घेतल्या. बलवंताला कार्यपद्धतीची गरज नसते, तो ओळखीवर काम करून घेतो. दुबळ्याचा वशिला एकच, तो म्हणजे कार्यपद्धती.

म्हणून आमच्या मागण्या थोड्या आणि स्पष्ट आहेत. खुंटी ठोकण्याआधी प्रत्येक गट नंबरच्या मालकाला आणि कसणाऱ्याला मराठीत लेखी नोटीस द्या, सोबत मार्गाचा नकाशा द्या. वर्तमानपत्राच्या कोपऱ्यात गावांची यादी छापली म्हणजे नोटीस झाली, असे धरू नका. नोटीस आणि नकाशा ग्रामसभेत वाचून दाखवा. तारेला वळण देणारा टॉवर साध्या टॉवरपेक्षा महाग पडतो, तेव्हा जेथे जेथे वळण आहे तेथे त्याचे कारण लिहा, म्हणजे कोणाचे शेत वाचले आणि का वाचले हे सर्वांना कळेल. अडवणूक झाली तर जिल्हादंडाधिकाऱ्यांनी तालुक्याच्या ठिकाणी सुनावणी घ्यावी आणि कारणांसह आदेश द्यावा. पंचनाम्यात सातबाऱ्यावर नाव असो वा नसो, कसणाऱ्याचे नाव, पीक, झाडे, विहीर यांची नोंद करून त्याची प्रत जागेवरच द्यावी. आणि तार ओढण्याआधी मावेजा खात्यावर जमा व्हावा. यासाठी कायदा बदलण्याची वाट पाहायला नको. शासनाचे एक परिपत्रक पुरेसे आहे.

परिपत्रक निघेपर्यंत काय करायचे? खुंटी दिसली की जेसीबीची वाट पाहू नका. जिल्हाधिकाऱ्यांना लेखी हरकत द्या, तीत दुसरा मार्ग सुचवा आणि पोच घ्या. पीक उभे असतानाच तारखेसह फोटो काढून ठेवा. गायरान कसत असाल तर जुने दंड, पावत्या, पंचनामे, जे असेल ते एका पिशवीत जमवा. कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका. मावेजा कमी वाटला तर परभणीच्या जिल्हा न्यायालयात अर्ज करा. वकिलाच्या फीची भीती बाळगू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा 1987 च्या कलम 12 नुसार अनुसूचित जाती-जमातीच्या प्रत्येक व्यक्तीला आणि प्रत्येक स्त्रीला मोफत विधी सहाय्याचा हक्क आहे आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय न्यायालयाच्या आवारातच असते.

आमच्या वस्त्यांमध्ये शिकलेली पोरे आता कमी नाहीत. वकील आहेत, शिक्षक आहेत, कायद्याचे विद्यार्थी आहेत. त्यांनी आपल्या तालुक्यातून कोणती वाहिनी जाणार आहे याची माहिती अधिकारात माहिती मागवावी, नकाशा मिळवावा आणि तो बुद्धविहारात रविवारच्या वंदनेनंतर भिंतीवर लावून लोकांना समजावून सांगावा. ज्याचे शेत त्या नकाशावर आहे, त्याला जेसीबी येण्याआधी ते कळले पाहिजे. एवढे काम जरी प्रत्येक तालुक्यात चार जणांनी केले, तरी 'वरून आले आहे' हे उत्तर देणाऱ्याला कागद काढून दाखवावा लागेल.